“काय वाचू?” म्हणणाऱ्या नवीन वाचकांसाठी: नागपुरात वेगवेगळ्या विषयांची पुस्तकं कशी शोधायची

“ताई, काहीतरी मस्त वाचायला सांगा ना” असं कोणी म्हटलं की आपण सगळेच पटापट आठ-दहा नावं सांगून मोकळे होतो, आणि ती नावं बहुतेक कादंबऱ्यांचीच असतात, त्यातही निम्मी तर सगळ्यांच्या यादीत असतात तीच. नवीन माणूस त्यातलं एक आणतो, तीस-चाळीस पानं वाचतो, नाही जमलं तर “मला वाचनाची आवडच नाहीये” असं स्वतःबद्दल ठरवून टाकतो आणि विषय संपतो. मला याचं खरंच वाईट वाटतं. कारण तोच माणूस रात्री तासभर मोबाईलवर विहीर कशी खोदतात, जुनं इंजिन कसं उघडतात, वाघाची पिल्लं कशी वाढतात हे मन लावून बघून राहिलेला असतो. म्हणजे उत्सुकता भरपूर आहे, फक्त त्या उत्सुकतेची पुस्तकं असतात आणि ती आपल्याच शहरात मिळतात हे त्याला कोणी सांगितलेलं नसतं.

म्हणून इथे मी “वाचलीच पाहिजेत अशी पुस्तकं” वगैरे यादी देणार नाहीये. ओघात एक-दोन नावं येतील तेवढीच. यादी तुमची तुम्हाला कशी बनवता येईल ते सांगते, सगळं नागपुरात राहून करता येईल असं. माझं म्हणणं एवढंच आहे की पुस्तक शोधायला निघताना “कादंबरी की चरित्र की विज्ञान” इथून सुरुवात करू नका, तुम्हाला पडलेल्या प्रश्नापासून करा. प्रश्न पक्का असला की तो आपोआप तुम्हाला अशा कप्प्यांसमोर नेऊन उभा करतो जिथे एरवी तुम्ही फिरकला पण नसता.

सगळ्यात आधी: प्रश्न लिहून काढा

वही घ्या नाहीतर मोबाईलच्या नोट्समध्ये लिहा. मागच्या महिन्यात तुम्ही कशाकशाबद्दल सर्च केलं, कशावर घरात वाद घातला, कोणत्या बातमीवर थांबलात ते आठवा. “साहित्यिक” काही लिहायची गरज नाही. मे महिन्यात आपल्याकडे पंचेचाळीस डिग्री का जातं, वडिलांना शुगर झाली तर नेमकं शरीरात काय होतं, आजी जात्यावरच्या ओव्या म्हणायची त्या आल्या कुठून, महाल भागातले वाडे कोणी बांधले, क्रिकेटमध्ये रिव्हर्स स्विंग कसा होतो. असे सहा-सात प्रश्न पुरे. ते जितके बारीक तितकं बरं. “मला इतिहास आवडतो” याने काउंटरवरच्या माणसाला काही कळत नाही, “भोसल्यांच्या काळात नागपूर कसं होतं” याने तो लगेच उठून एखाद्या रॅककडे चालायला लागतो.

मग एक विषय घ्या आणि त्याला सगळ्या कप्प्यांमधून फिरवा

हे सगळ्यात महत्त्वाचं आहे म्हणून जरा सविस्तर सांगते, उदाहरण आपल्या मातीतलंच घेते. कापूस.

कापूस म्हटलं की पहिलं पुस्तक शेतीचं येतं. काळी जमीन, वाण, खतं, बोंडअळी. बीटी कापूस म्हणजे जनुक बदलून असा केलेला कापूस की बोंडअळीला मारणारं विष झाडातच तयार होतं; भारतात त्याला मंजुरी मिळाली २००२ साली, आणि नंतर गुलाबी बोंडअळीने त्याच बीटीला कसं दाद दिली नाही हे समजायचं असेल तर तुम्ही शेतीतून सरकून जीवशास्त्रात जाता, कीटकशास्त्र आणि जनुकशास्त्राच्या पुस्तकांजवळ. अळीच्या पुढच्या पिढ्या विषाला सरावतात म्हणजे काय, हे कळायला उत्क्रांतीचं एखादं सोपं पुस्तक घ्यावं लागतं. आता विचार करा, “उत्क्रांतीवर पुस्तक वाच” असं कोणी म्हटलं असतं तर किती जणांनी घेतलं असतं? केंद्रीय कापूस संशोधन संस्था आपल्या नागपुरातच आहे, १९७६ पासून, म्हणजे हा विषय काही लांबचा नाहीये.

तिथून इतिहासात या. १८६१ ते १८६५ अमेरिकेत यादवी युद्ध चाललं, तिकडचा कापूस इंग्लंडच्या गिरण्यांना मिळेना, म्हणून हिंदुस्थानातल्या कापसाचे भाव एकदम चढले. युद्ध संपलं तसे उतरले पण. १८६७ मध्ये रेल्वे नागपूरला पोचली. १ जानेवारी १८७७ ला जमशेटजी टाटांची एम्प्रेस मिल इथे सुरू झाली, आणि नाव एम्प्रेस यासाठी की त्याच दिवशी व्हिक्टोरिया राणीला हिंदुस्थानची सम्राज्ञी म्हणून जाहीर केलं. आज आपण ज्या एम्प्रेस मॉलमध्ये फिरतो त्याच नावाची ती गिरणी. एवढ्या चार वाक्यांत अमेरिकेचा इतिहास आला, रेल्वेचा इतिहास आला, उद्योगपतीचं चरित्र आलं.

आणि चरित्र वाचलं की लगेच पुढचा प्रश्न येतोच, गिरणीत काम करणाऱ्यांचं काय? मग कामगार चळवळ, संप, वस्त्या, समाजशास्त्र. हातमागावरच्या कोष्ट्यांचं काय झालं, तर विणकामाचा आणि लुगड्यांचा विषय. इकडे वर्ध्याला जाऊन बसा तर सेवाग्राम, १९३६, चरखा, खादी, म्हणजे गांधीजी आणि त्यांचं अर्थशास्त्र, आणि त्या अर्थशास्त्रावर टीका करणारे पण. मग आजचं. भाव, कर्ज, हमीभाव, शेतकऱ्यांच्या आत्महत्या. यावर पत्रकारांनी लिहिलेले रिपोर्ताज आहेत, अर्थतज्ज्ञांनी लिहिलेलं आहे, आणि कादंबरी-कविता तर आहेच. इथे पोचेपर्यंत तुम्हाला वेचणी, सरकी, रुई, गाठी, जिनिंग हे सगळे शब्द ओळखीचे झालेले असतात, त्यामुळे तीच कादंबरी, जी सुरुवातीलाच हातात घेतली असती तर कदाचित कंटाळवाणी वाटली असती, ती आता तुमच्याशी बोलायला लागते. मला स्वतःला ग्रामीण कादंबऱ्यांची गोडी अशीच आडवाटेने लागली, शेतीवरची पुस्तकं चाळता चाळता.

एका कापसातून हे सगळं. तुमचा विषय कापूस नसेल, कोळसा असेल, संत्रं असेल, कबड्डी असेल, दमा असेल. कागदाच्या मध्ये तो लिहा आणि चारी बाजूंनी विचारत जा: हे निसर्गात कसं घडतं? हे कधीपासून आहे? यातून पैसा कोणाला मिळतो? यात राबतं कोण? यावर गाणं, गोष्ट, नाटक कोणी लिहिलं? याचा कायदा काय आहे? हे खातात-घालतात-वापरतात कसं? प्रत्येक प्रश्न म्हणजे लायब्ररीतला एक वेगळा कप्पा आहे.

लायब्ररीत जा, आणि रॅकपर्यंत जा

ऑनलाइन मागवायला माझी ना नाही, पण नवीन वाचकाने सुरुवात लायब्ररीतूनच करावी असं माझं ठाम मत आहे, कारण अनोळखी विषयाचं पुस्तक चारशे-पाचशे रुपये देऊन घ्यायला हात धजत नाही आणि मग आपण परत ओळखीच्याच लेखकाकडे जातो. लायब्ररीत पुस्तक आवडलं नाही तर दोन दिवसांत परत, नुकसान शून्य.

मेंबरशिपची भीती बाळगू नका. फॉर्म, ओळखपत्र आणि पत्त्याचा पुरावा, फोटो, अनामत रक्कम आणि महिन्याची किंवा वर्षाची वर्गणी, बहुतेक ठिकाणी एवढंच. अनामत मेंबरशिप सोडताना परत मिळते, पावती फक्त सांभाळून ठेवा. आपल्याकडच्या सार्वजनिक वाचनालयांना १९६७ च्या ग्रंथालय कायद्याखाली मान्यता असते आणि त्यांचे अ, ब, क, ड असे वर्ग असतात. ड म्हणजे छोटं, अ म्हणजे मोठा संग्रह. घराजवळचं छोटं वाचनालय रोजच्यासाठी आणि एखादं मोठं महिन्यातून एक-दोनदा, अशी जोडी ठेवली तर फार छान जमतं. शासकीय विभागीय ग्रंथालय आहे. झाशी राणी चौकात विदर्भ साहित्य संघ आहे, १९२३ पासूनची संस्था, विदर्भातलं काही शोधत असाल तर तिथे चौकशी कराच, आणि मेट्रोचं स्टेशन त्याच चौकात असल्यामुळे हिंगण्याकडून या की पारडीकडून, पार्किंगचं टेन्शन नाही.

गेल्यावर पहिला प्रश्न विचारायचा: “आत रॅकमध्ये जाऊन पुस्तकं बघता येतात का?” काही ठिकाणी काउंटरवरून चिठ्ठी द्यावी लागते आणि पुस्तक आणून देतात, काही ठिकाणी आत सोडतात. आत सोडत असतील ते वाचनालय निवडा, कारण आपल्याला जे हवंय हे माहीतच नाही ते फक्त फिरतानाच सापडतं. आत सोडत नसतील तर परत आलेल्या पुस्तकांचा ढीग बघू द्या म्हणा. त्या ढिगात सगळे विषय सरमिसळ असतात, आणि ते कोणीतरी नुकतंच वाचून आणून दिलेलं असतं. ती सगळ्यात चांगली शिफारस.

आता नंबरांबद्दल. मोठ्या आणि कॉलेजच्या लायब्ररीत पुस्तकाच्या पाठीवर जो आकडा चिकटवलेला असतो तो बहुतेक वेळा ड्युई पद्धतीचा असतो. मेल्विल ड्युई नावाच्या अमेरिकन ग्रंथपालाने १८७६ मध्ये ही पद्धत काढली, सगळ्या विषयांचे दहा मोठे भाग केले: ००० मध्ये सामान्य ज्ञान, कॉम्प्युटर वगैरे, १०० तत्त्वज्ञान आणि मानसशास्त्र, २०० धर्म, ३०० समाज, अर्थकारण, कायदा, ४०० भाषा, ५०० विज्ञान, ६०० मध्ये शेती, वैद्यक, इंजिनीअरिंग, स्वयंपाक अशा उपयोगाच्या विद्या, ७०० कला आणि खेळ, ८०० साहित्य, ९०० इतिहास, भूगोल, चरित्र. पाठ करत बसू नका. कामापुरतं सांगते: पक्षी ५९८, ग्रह-तारे ५२३, पाककृती ६४१.५, खेळ ७९६, गुन्हेगारी ३६४, मराठी साहित्य ८९१.४६, हिंदी ८९१.४३. आपला कापूस शेतीत ६३३.५१ ला सापडतो आणि कापड म्हणून ६७७ ला. एकच विषय दोन रॅकमध्ये का आहे हे आता लक्षात आलं असेल.

याचा फायदा असा करून घ्यायचा की एक पुस्तक सापडलं की त्याच्या डावीकडची पाच आणि उजवीकडची पाच बघायचीच. आणि दर वेळी एक पुस्तक ओळखीच्या शंभरातलं आणि एक कधीच न गेलेल्या शंभरातलं घ्यायचं. मागच्या वेळी ५०० मधून घेतलं असेल तर या वेळी ७०० मध्ये जा. छोट्या वाचनालयांत बऱ्याचदा कादंबरी, कथा, नाटक, कविता, चरित्र, प्रवासवर्णन, ललित, संकीर्ण अशी साधी विभागणी असते. तिथे “संकीर्ण” सोडू नका! कुठेच न बसलेली पुस्तकं त्या कपाटात टाकलेली असतात, कोंबडीपालनाच्या शेजारी हस्ताक्षरावरून स्वभाव, त्याच्या शेजारी नदीवरचं काहीतरी. धूळ असते, पण मजा तिथेच आहे.

ग्रंथपालांशी बोला. हे लोक खूप वाचलेले असतात आणि त्यांना कोणी विचारतच नाही, फक्त “नवीन काय आलं” एवढंच विचारतात. एस. आर. रंगनाथन यांनी १९३१ मध्ये ग्रंथालयाचे पाच नियम मांडले, त्यातले दोन असे की प्रत्येक वाचकाला त्याचं पुस्तक मिळालं पाहिजे आणि प्रत्येक पुस्तकाला त्याचा वाचक. चांगला ग्रंथपाल हे मनापासून मानतो. त्यांना असं विचारा: “सर, हे पुस्तक मला आवडलं, याच विषयावर पण वेगळ्या प्रकारचं काही आहे का?” किंवा “असं कोणतं चांगलं पुस्तक आहे जे कोणी नेत नाही?” या दुसऱ्या प्रश्नाने भल्याभल्या ग्रंथपालांचा चेहरा खुलतो.

पुस्तक हातात आल्यावर काय बघायचं

कव्हर आणि मागचा मजकूर बघून घ्यायचं नसतं, तो विकण्यासाठीच लिहिलेला असतो. अनुक्रमणिका वाचा पूर्ण. मनोगताचं पहिलं पान वाचा, लेखक कोणाशी बोलतोय ते कळतं. मग मधलं कुठलंही एक पान. मधल्या पानावर भाषा झेपत असेल तर घ्या, नसेल तर त्याच विषयावरचं मुलांसाठीचं पुस्तक घ्या, त्यात कमीपणा अजिबात नाही. अनोळखी विज्ञान विषयाला कुमारांसाठीच्या पुस्तकापासून सुरुवात करणं हे मोठ्या माणसांनी बिनधास्त करावं, विशेषतः खगोलशास्त्र, गणित आणि शरीरशास्त्रात.

पण प्रकारानुसार थोडं वेगळं बघावं लागतं. कायद्याचं पुस्तक असेल तर आधी वर्ष. १ जुलै २०२४ पासून भारतीय दंड संहितेच्या जागी भारतीय न्याय संहिता आली, त्यामुळे त्याआधीचं गुन्हे कायद्याचं पुस्तक कितीही छान असलं तरी कलमं जुनी. आरोग्य, शेअर बाजार, इन्कम टॅक्स यांचं पण तसंच, आवृत्ती ताजी पाहिजे. इतिहासात उलट आहे, जुनं पुस्तक फार चांगलं असू शकतं, पण मागे संदर्भसूची आहे का बघा, आणि त्या सूचीत फक्त इतर कादंबऱ्यांचीच नावं असतील तर ते इतिहास म्हणून नका वाचू. ऐतिहासिक कादंबरी आणि इतिहास यातला फरक नवीन वाचकाने पहिल्या महिन्यातच पक्का करून घ्यावा असं मला फार वाटतं, कारण आपल्याकडे कादंबरीतले संवाद लोक पुरावा म्हणून फेकतात.

कविता उभ्याउभ्या दोन मोठ्याने वाचा, हळू आवाजात का होईना. दोन्ही नाही भिडल्या तर तो कवी सध्या तुमच्यासाठी नाही, दोन वर्षांनी परत बघा. नाटक एकट्याने वाचायला अवघड जातं हे खरंय, घरी दोघा-तिघांनी पात्रं वाटून वाचलं तर वेगळंच होतं, आणि नाटक हे पूर्ण एका संध्याकाळी संपतं हा मोठा फायदा. प्रवासवर्णनात तिकीट-हॉटेल-जेवण जास्त आहे की तिथली माणसं जास्त आहेत ते बघा. पाककृतीत मापं वाटी-चमच्यात नीट दिलीत का आणि विस्तव किती ते लिहिलंय का.

जंगलाबद्दल एक नाव घेतेच कारण विदर्भात राहून ते चुकवू नये: मारुती चितमपल्ली. आयुष्यभर वनखात्यात नोकरी केलेला माणूस, रानाबद्दल, पक्ष्यांबद्दल, २०२५ मध्ये ते गेले, पण आदिवासींच्या शब्दांबद्दलही त्यांनी मराठीत लिहून ठेवलंय, आणि ते विज्ञानाच्या कप्प्यात ठेवावं की ललितच्या हा प्रश्न ग्रंथपालालाही पडावा असं ते लेखन आहे. नवेगावबांध किंवा पेंचला जाऊन येणार असाल तर आधी किंवा नंतर वाचा. दोन कप्प्यांच्या मध्ये उभी असलेली अशी पुस्तकं नवीन वाचकाला सगळ्यात जास्त उपयोगी पडतात, कारण ती एका आवडीतून दुसऱ्या आवडीत हात धरून नेतात.

तसंच जुन्या मराठीचं. लीळाचरित्र म्हटलं की लोकांना अभ्यासक्रम आठवतो, पण तेराव्या शतकातलं ते गद्य आपल्याच भागात, अमरावती जिल्ह्यातल्या रिद्धपूरला घडलं, आणि त्यातल्या छोट्या छोट्या लीळा म्हणजे चालत्या-बोलत्या माणसांचे प्रसंग आहेत. टिपा असलेली आवृत्ती घ्या आणि दिवसाला एक लीळा, बस्स.

दिवाळी अंक, चाखून बघायला

काशिनाथ रघुनाथ मित्र यांनी १९०९ मध्ये “मनोरंजन”चा पहिला दिवाळी अंक काढला तेव्हापासून ही परंपरा चालू आहे आणि वेगवेगळे प्रकार चाखायला याहून स्वस्त सोय मराठीत नाही. एकाच अंकात कथा, कविता, मुलाखत, विज्ञानलेख, व्यंगचित्रं. विनोदाचे, रहस्यकथांचे, ज्योतिषाचे, पाककृतींचे, आरोग्याचे, पर्यावरणाचे वेगळे अंक निघतात. बरीच वाचनालयं दिवाळीत ठरावीक रक्कम घेऊन पाळीपाळीने सगळे अंक वाचायला देतात, त्या योजनेत नाव घाला. आणि अंक वाचताना जो लेख आवडला त्या लेखकाचं नाव वहीत, त्याचं पुस्तक जानेवारीत शोधायचं. जुने अंक रद्दीच्या भावात मिळतात ते पण चालतील, कथा शिळी होत नाही.

विकत घ्यायचं तर

बर्डीवर नवीन पुस्तकांची दुकानं आहेत, नागपूरचेच प्रकाशक आहेत, त्यांच्याकडे विदर्भातल्या लेखकांची अशी पुस्तकं मिळतात जी पुण्या-मुंबईच्या साइटवर शोधून सापडत नाहीत. दुकानदाराला विषय सांगा आणि बसून चाळा, फक्त चाळून न घेता निघालात तरी कोणी काही म्हणत नाही, दोन-तीनदा गेलात की ओळख होते आणि मग तो स्वतःहून बाजूला काढून ठेवतो.

जुन्या पुस्तकांत दोन गोष्टी तपासा. पुस्तक सोळा-सोळा पानांच्या फर्म्यांनी, म्हणजे एकत्र दुमडलेल्या पानांच्या गठ्ठ्यांनी बनतं, त्यामुळे पान गहाळ असेल तर बऱ्याचदा अख्खा फर्मा गहाळ असतो किंवा एकच फर्मा दोनदा बांधलेला असतो, म्हणून १६, ३२, ४८ अशा नंबरांच्या आसपास पानं क्रमाने आहेत ना बघा. दुसरं, जुनं पुस्तक आणि पायरेटेड पुस्तक यात फरक करा. एकदम नवंकोरं, स्वस्त, पातळ पांढुरका कागद, अक्षरं कुठे गडद कुठे फिकी, फोटो काळे पडलेले, असं असेल तर ते चोरून छापलेलं आहे. ते कृपया घेऊ नका. त्यातून लेखकाला, अनुवादकाला, प्रकाशकाला एक रुपया जात नाही, आणि मराठीत एका पुस्तकाच्या आवृत्त्या तशाही लहान असतात, तिथे हा मार जिव्हारी बसतो. परवडत नसेल तर लायब्ररी आहे, वापरलेलं जुनं पुस्तक आहे, उसनं आहे.

आणि दीक्षाभूमी. १४ ऑक्टोबर १९५६ ला बाबासाहेबांनी इथे धम्मदीक्षा घेतली, त्याच्या स्मरणार्थ दसऱ्याच्या सुमारास लाखो लोक येतात आणि येणारा माणूस पुस्तक घेऊनच परत जातो. बाहेर रस्त्याने पुस्तकांचे स्टॉलच स्टॉल असतात. बौद्ध तत्त्वज्ञान, इतिहास, संविधान, आत्मकथनं, कविता, जातीचं समाजशास्त्र, लहान मुलांची पुस्तकं, दहा-वीस रुपयांच्या पुस्तिकांपासून जाडजूड ग्रंथांपर्यंत, मराठी, हिंदी, इंग्रजी सगळं. गावाकडून आलेल्या मावश्या पदरात बांधलेले पैसे सोडून नातवासाठी पुस्तक निवडतात हे बघितलं की वाचनसंस्कृती संपली म्हणणाऱ्यांना इथे आणून उभं करावंसं वाटतं. नागपुरात राहून पुस्तकांसाठी तुम्ही तिथे गेला नसाल तर यंदा जा, कोणत्याही समाजाचे असा. गर्दीचा मुख्य दिवस सोडून एक दिवस आधी गेलात तर निवांत चाळता येतं. राज्य सरकारने १९७९ पासून बाबासाहेबांच्या लेखन आणि भाषणांचे खंड काढलेत, जाडीच्या मानाने किंमत फारच कमी, ते सिव्हिल लाइन्सच्या शासकीय ग्रंथागारातही विचारा. रुपया, जात, स्त्रियांचे हक्क, पाणी, भाषावार प्रांत, इतके विषय एका माणसाच्या लेखनात आहेत की विषय बदलत वाचायचा सराव त्यावरच होऊ शकतो.

हिंदी विसरू नका. १९५६ पर्यंत नागपूर जुन्या मध्य प्रदेशाची राजधानी होतं, पहिलं विश्व हिंदी संमेलन १९७५ मध्ये इथेच झालं, आणि आपण सगळे रस्त्यावर हिंदी बोलूनच राहिलो. मग वाचताना का नाही? मराठीत एखाद्या विषयावर दोनच पुस्तकं सापडली तर हिंदीत बघा, व्यंग्य, उर्दू शायरी देवनागरीत, रशियन आणि बंगाली अनुवाद, बरंच काही हाताला लागेल, पेपरबॅक स्वस्त पण असतात.

मोबाईलवर, फुकट आणि कायदेशीर

मराठी विश्वकोश ऑनलाइन पूर्ण वाचता येतो. तुमचा विषय टाका, उदाहरणार्थ कापूस, नोंद वाचा आणि मग शेवटी जा. तिथे “संदर्भ” म्हणून पुस्तकांची नावं असतात आणि मध्ये मध्ये “पहा” म्हणून दुसऱ्या नोंदी सुचवलेल्या असतात. त्या “पहा”च्या मागे लागलात तर तासाभरात कुठल्या कुठे पोचाल. महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाच्या वेबसाइटवर त्यांची कितीतरी पुस्तकं पीडीएफमध्ये मोफत आहेत, विज्ञान, शेती, कोश, चरित्र, अनुवाद. दुकानात न दिसणारे विषय तिथे सापडतात.

आपल्या कायद्याप्रमाणे लेखक गेल्यानंतर साठ वर्षांनी त्याचं लेखन सगळ्यांसाठी खुलं होतं, म्हणून साने गुरुजींसारख्या १९५० मध्ये गेलेल्या लेखकांची पुस्तकं मराठी विकिस्रोतसारख्या ठिकाणी बिनधास्त वाचता येतात. टेलिग्राम ग्रुपवर फिरणाऱ्या नव्या पुस्तकांच्या पीडीएफ मात्र पायरसीच आहेत, त्यांचं तेच जे वर चोरून छापलेल्या पुस्तकांबद्दल सांगितलं. ऑडिओबुक हा पण चांगला रस्ता आहे, विशेषतः कामठी-बुटीबोरी रोज अपडाउन करणाऱ्यांना, फक्त आकडे-तक्ते असलेली पुस्तकं ऐकून डोक्यात राहत नाहीत, गोष्ट किंवा आत्मकथन ऐका.

एका पुस्तकातून दुसरं

पुस्तक संपलं की शेवटची पानं वाचायची सवय लावा. संदर्भसूचीतलं एक नाव, ऋणनिर्देशातलं एक नाव. अनुवादित असेल तर अनुवादकाचं नाव लिहून ठेवा, चांगला अनुवादक ज्या पुस्तकाला हात लावतो ते बहुतेक वेळा घ्यायच्या लायकीचं असतं, आणि एकच अनुवादक थरारकथा, विज्ञान, आत्मचरित्र असं सगळं करतो त्यामुळे त्याच्या मागे जाता जाता आपणही प्रकार बदलत जातो. हे मराठी वाचक फार कमी करतात.

माणसांना पण विचारा, पण आपल्यापेक्षा वेगळं काम करणाऱ्यांना. डॉक्टरला, वकिलाला, शेतकी कॉलेजमधल्या भावाला, तबला शिकवणाऱ्या सरांना: “तुमच्या कामाबद्दल बाहेरच्या माणसाला कळेल असं एखादं पुस्तक सांगा.” तबल्याच्या सरांनी सांगितलेलं पुस्तक तुम्हाला कोणतंही ॲप सुचवणार नाही, कारण ॲप तुम्ही आधी जे घेतलं त्याच्यासारखंच पुढे करतं.

आणि सोडून द्यायला शिका. पन्नास पानं प्रामाणिकपणे वाचून जमलं नाही तर परत करा, पण वहीत का नाही जमलं ते एका ओळीत लिहा: भाषा जड होती, आकडे फार होते, विषय आवडला पण लेखक नाही. “विषय आवडला पण लेखक नाही” असं लिहिलं असेल तर त्याच रॅकवर परत जायचं. “विषयच नाही” असेल तर प्रश्नांच्या यादीतला पुढचा प्रश्न घ्यायचा. वहीत तारीख, नाव, लेखक, कप्पा आणि ती एक ओळ, एवढंच पुरतं. तीन-चार महिन्यांनी ते पान बघितलं की कोणत्या कप्प्यात तुम्ही अजून पाऊलच टाकलं नाहीये ते सरळ दिसतं, आणि पुढच्या रविवारी काउंटरवर काय मागायचं ते पण.